भिंतींचे वाचन : बन्सी चंद्रगुप्त आणि चित्रपटातील घर

'चारुलता' (१९६४) या चित्रपटाचा आरंभ आठवावा. दुपारची वेळ आहे. चारू एकटीच घरात वावरते आहे. रुमालावर नवऱ्याच्या नावाचे आद्याक्षर भरून झाले आहे, कपाटातले पुस्तक काढावे आणि परत ठेवावे असा चाळा सुरू आहे. बाहेरून काही आवाज येतो. ती छोटी दुर्बीण हाती घेते आणि एका खिडकीकडून दुसऱ्या खिडकीकडे जात, लाकडी झडपांच्या फटींतून रस्त्यावरची माणसे पाहू लागते. थोड्या वेळाने भूपती व्हरांड्यातून येतो, एक पुस्तक घेतो आणि तिच्याकडे न पाहताच परत जातो. चारू मग त्याच दुर्बिणीतून पाठमोऱ्या नवऱ्याला न्याहाळते.

हा प्रसंग साहित्याच्या वर्गात अनेकदा शिकवला जातो. चारूचे एकाकीपण, एकोणिसाव्या शतकातील सुशिक्षित स्त्रीचे बंदिस्त जीवन, रवींद्रनाथांच्या 'नष्टनीड'मधील सूचकता अशी चर्चा होते आणि ती योग्यच असते. मात्र एक साधा प्रश्न आम्ही स्वतःला फार उशिरा विचारला : हे घर कोणाचे? ओळीने आलेल्या त्या खिडक्या, भिंतींवरचे ते फुलापानांचे कागद, जिथून माणूस येतो आणि न बोलता निघून जातो तो लांबट व्हरांडा, हे सारे कोठून आले? कलकत्त्याच्या एखाद्या जुन्या वाड्यात चित्रण झाले असेल असे आम्ही गृहीत धरले होते. वस्तुतः ते घर स्टुडिओत उभारलेले होते. ते उभारणाऱ्या कला-दिग्दर्शकाचे नाव बन्सी चंद्रगुप्त. आमच्या गृहीतकातच त्यांच्या कलेचे यश आहे आणि त्यांच्या उपेक्षेचे कारणही.

चंद्रगुप्त यांचा जन्म १९२४ साली सियालकोट येथे झाला. बालपण आणि तारुण्याचा आरंभकाळ काश्मिरात गेला. चित्रकार व्हावे ही त्यांची इच्छा होती. ठाकूर घराण्यातील चित्रकार शुभो ठाकूर यांच्या प्रोत्साहनाने ते चाळीसच्या दशकात कलकत्त्यास आले. जन्माने पंजाबचा, वाढीने काश्मीरचा असा हा मनुष्य पुढे बंगाली घराचा सर्वांत सूक्ष्म निरीक्षक ठरला, ही गोष्ट विचार करण्याजोगी आहे. आपण ज्या घरात वाढतो त्याची उंबऱ्याची उंची, खुंटीची जागा, चुलीमागच्या भिंतीचा काळेपणा आपल्याला दिसेनासा होतो. बाहेरून आलेल्याला तो शिकावा लागतो. चंद्रगुप्त यांच्या कामातील तपशिलाची निष्ठा या शिकण्यातून आली असावी, असे आम्हांस वाटते.

१९४७ साली सत्यजित राय, चिदानंद दासगुप्त आणि त्यांच्या मित्रांनी 'कलकत्ता फिल्म सोसायटी' स्थापन केली, तेव्हा त्या लहानशा मंडळात चंद्रगुप्त होते. जगभरचे चित्रपट पाहावेत आणि त्यांवर बोलावे एवढाच या मंडळाचा उद्योग होता. त्यानंतर दोनच वर्षांनी फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रेन्वार 'द रिव्हर' (१९५१) या चित्रपटाच्या तयारीसाठी बंगालमध्ये आले. स्थळे शोधण्यासाठी राय त्यांच्याबरोबर हिंडले. चंद्रगुप्त यांना त्या चित्रपटाचे कला-दिग्दर्शक यूजीन लूरिए यांचे साहाय्यक म्हणून काम मिळाले. रेन्वार यांच्या 'ला ग्राँद इल्यूझियाँ' आणि 'ला रेग्ल द्यू जू' या चित्रपटांचे नेपथ्य लूरिए यांचे होते. भारतात ज्या विद्येचे तेव्हा रीतसर शिक्षण नव्हते ती चंद्रगुप्त यांनी अशी प्रत्यक्ष कामात, एका जाणत्या माणसाच्या हाताखाली घेतली.

त्या काळी आपल्याकडे कला-दिग्दर्शनाची परंपरा नव्हती असे मात्र नाही. महाराष्ट्रापुरते बोलायचे तर ती रंगभूमीच्या पडद्यांतून आली. कोल्हापूरचे बाबूराव पेंटर हे नाटकांचे पडदे रंगवता रंगवता चित्रपटाकडे वळले. त्यांच्या 'महाराष्ट्र फिल्म कंपनी'त तयार झालेले साहेबमामा फत्तेलाल हे १९२९ साली स्थापन झालेल्या 'प्रभात'चे एक संस्थापक आणि तिचे कला-दिग्दर्शक झाले. विष्णुपंत दामले यांच्यासह त्यांनी 'संत तुकाराम' (१९३६) दिग्दर्शितही केला. फत्तेलाल यांची कामगिरी मोठीच आहे. परंतु पडदा रंगवण्यातून आलेल्या त्या कलेला बव्हंशी पुराणातील वा इतिहासातील, म्हणजे प्रेक्षकाने प्रत्यक्ष न पाहिलेले जग उभे करायचे होते. इंद्राचा दरबार चुकला आहे असे म्हणायला कोणी इंद्राच्या दरबारात जाऊन आलेला नसतो. चंद्रगुप्त यांच्यापुढचे काम वेगळे होते. प्रेक्षक ज्या घरातून उठून चित्रपटगृहात आला, तेच घर त्याला दाखवायचे होते आणि तेथे चूक लपत नाही.

'पथेर पांचाली' (१९५५) हा या कामाचा पहिला मोठा नमुना. विभूतिभूषण बंदोपाध्याय यांची कादंबरी १९२९ साली पुस्तकरूपाने आली. तिच्या संक्षिप्त आवृत्तीसाठी राय यांनी चित्रे काढली होती आणि तेथूनच चित्रपटाची कल्पना रुजली. चित्रीकरणासाठी कलकत्त्याजवळच्या बोडाल गावातील एक पडके घर भाड्याने घेण्यात आले. नववास्तववादी चित्रपटांच्या प्रभावामुळे 'पथेर पांचाली' सर्वस्वी प्रत्यक्ष स्थळी चित्रित झाला असा समज रूढ आहे. तो अर्धाच खरा आहे. मिळालेल्या घरात हरिहराच्या कुटुंबाला शोभतील असे फेरफार करावे लागले आणि रात्रीची दृश्ये स्टुडिओत घेतली गेली. दिवसा बोडालचे अंगण आणि रात्री कलकत्त्यातील स्टुडिओची खोली, असे हे एकच घर दोन ठिकाणी नांदत होते. दोहोंमधला सांधा आजवर कोणाच्या डोळ्यांना खुपलेला नाही.

दुर्गेच्या आजारपणाची अखेरची रात्र पाहावी. बाहेर वादळ सुटले आहे. खिडकीला नीट झडप नाही, लावलेले कापड वाऱ्याने फडफडते आहे. दाराची फळी आतल्या बाजूस ढकलली जाते आणि सर्वजया एका हाताने मुलीला धरत, दुसऱ्या हाताने दार सावरू पाहते. या प्रसंगात संवाद जवळजवळ नाहीत. घर राहण्याजोगे उरलेले नाही, दुरुस्तीला पैसे नाहीत, नवरा परगावी आहे, या कादंबरीत पानोपानी विखुरलेल्या गोष्टी येथे एका दाराच्या आणि एका खिडकीच्या दुबळेपणात एकवटल्या आहेत. ही पटकथेची करामत आहे हे मान्य करू. परंतु ते दार किती दुबळे असावे हे कोणीतरी लाकडात ठरवलेले असते. ते फार मोडके असते तर प्रसंग भडक झाला असता, पुरेसे मजबूत असते तर भीती उरली नसती.

'अपराजितो' (१९५६) मध्ये हा प्रश्न आणखी बिकट झाला. बनारसचे घाट आणि गल्ल्या प्रत्यक्ष तेथेच चित्रित झाल्या. हरिहराचे कुटुंब राहते ते घर मात्र कलकत्त्यात उभारायचे होते. बनारसच्या जुन्या घरांची रचना अशी की मध्ये चौक, चहूबाजूंनी मजले आणि प्रकाश केवळ वरून, आकाशातून येतो. असा प्रकाश सावली पाडत नाही, तो खोलीभर मंदपणे झिरपतो. पावसाळ्याच्या भयाने उघड्यावर सेट उभारण्याचा विचार सोडून द्यावा लागला. स्टुडिओतील दिव्यांनी तसा प्रकाश आणता येणार नाही असे छायालेखक सुब्रत मित्र यांचे मत होते. अखेर मित्र यांनी स्वतःच तोड काढली. सेटच्या डोक्यावर पांढरे कापड ताणून बसवण्यात आले आणि खालून त्यावर दिवे टाकून परावर्तित झालेला उजेड चौकात उतरवण्यात आला. भारतीय छायालेखनाच्या इतिहासात या युक्तीची नोंद मोठ्या गौरवाने केली जाते. तिची दुसरी बाजू सहसा सांगितली जात नाही. असा सर्वत्र सारखा पसरणारा उजेड नेपथ्याच्या दृष्टीने निर्दय असतो. कडक दिव्याच्या काळ्या सावलीत अर्धवट रंगवलेला कोपरा झाकून जातो, मंद उजेडात भिंतीचा प्रत्येक वीतभर भाग तपासला जातो. मित्र यांच्या प्रकाशाला टिकणारी भिंत चंद्रगुप्त यांनी दिली, म्हणून तो प्रकाश खरा वाटला. दोन कलांचे हे परस्परावलंबन लक्षात घेतल्याखेरीज पुढचा इतिहास नीट कळत नाही.

'जलसाघर' (१९५८) मध्ये हे सारे उलट्या दिशेने झाले. ताराशंकर बंदोपाध्याय यांच्या कथेतील कर्जबाजारी जमीनदार विश्वंभर राय याच्यासाठी मुर्शिदाबाद जिल्ह्यातील निमतिता येथला, पद्मेच्या काठचा वाडा मिळाला. नदी पात्र बदलत जमीन गिळत चालली आहे आणि काठावर वाडा उभा आहे, हे दृश्य कोणत्याही स्टुडिओत साधले नसते. परंतु कथेचा प्राण असलेले संगीत-दालन तेथे हवे तसे नव्हते. ते चंद्रगुप्त यांनी स्टुडिओत उभे केले. बाहेरचा वाडा खरा, आतले दालन रचलेले. त्या दालनातील झुंबर, मोठा आरसा आणि पूर्वजांची तैलचित्रे या केवळ श्रीमंतीच्या खुणा नाहीत. विश्वंभर आरशात स्वतःला पाहतो तेव्हा काळ कळतो, त्याच्या तसबिरीवरून कोळी चालत जातो तेव्हा वंशाचे भवितव्य कळते, मेणबत्त्या एकेक विझू लागतात तेव्हा कथा संपत आलेली असते. वस्तू दालनात कोठे असावी हे ठरवणे म्हणजे कथेत कोणते वाक्य कोठे यावे हे ठरवण्यासारखेच आहे.

'अपूर संसार' (१९५९) मधील पडद्याचे उदाहरण याहूनही साधे आहे. रेल्वेमार्गालगतच्या अपूच्या खोलीत खिडकीला फाटका पडदा आहे. लग्न होऊन आलेली अपर्णा पहिल्याच दिवशी त्या खिडकीशी उभी राहून रडते आणि पडद्याच्या भोकातून तिचा चेहरा आपल्याला दिसतो. काही काळानंतर तीच खिडकी पुन्हा येते. आता तेथे नवा पडदा आहे, कुंडीत रोप आहे. मध्यंतरी काय घडले हे कोणी सांगत नाही, सांगण्याची गरजही नाही. एका तरुण जोडप्याचा संसार उभा राहिल्याची वार्ता कापडाच्या एका तुकड्याने दिलेली असते.

आता पुन्हा 'चारुलता'कडे यावे. 'नष्टनीड' (१९०१) मध्ये रवींद्रनाथांना घराचे विस्तृत वर्णन करण्यात रस नाही. भूपती श्रीमंत आहे, इंग्रजी वृत्तपत्र काढण्यात गुंतलेला आहे, अंतःपुरात पत्नी आहे आणि तिला काम नाही, एवढे वाचकास पुरते. वाचकाच्या मनात घर धूसर राहिले तरी कथेस बाध येत नाही. कॅमेऱ्याला मात्र धूसर भिंत दाखवता येत नाही. चित्रपटाचा काळ १८७९-८० असा निश्चित केल्यावर त्या काळातील इंग्रजी वळणाच्या बंगाली भद्रलोकाचे घर कसे असेल, पलंग कोणता, दिवा कोणता, भिंतीवर काय, छापखाना आणि शयनगृह यांत किती अंतर, या प्रत्येक गोष्टीचे उत्तर द्यावे लागते. यांतील शेवटचा प्रश्न सर्वांत महत्त्वाचा आहे. भूपतीचे पत्र ज्या वास्तूत छापले जाते त्याच वास्तूत चारू एकटी आहे. नवरा दूर देशी नाही, काही पावलांवर आहे. तिच्या एकाकीपणाची धार या अंतराच्या अल्पत्वात आहे आणि हे अंतर आखणाऱ्याने ठरवलेले असते. म्हणूनच आम्हांस असे म्हणावेसे वाटते की कला-दिग्दर्शक हा मूळ संहितेचा एक भाष्यकार असतो. संहितेने जे अनुक्त ठेवले त्याचा अर्थ त्याला लावावाच लागतो.

यावर एक आक्षेप संभवतो आणि तो टाळून पुढे जाणे अप्रामाणिकपणाचे होईल. राय स्वतः उत्तम चित्रकार होते. शांतिनिकेतनात त्यांनी कलाशिक्षण घेतले होते, जाहिरातसंस्थेत काम केले होते, आपल्या चित्रपटांची दृश्ये ते वहीत रेखाटत. मग या घरांचे श्रेय चंद्रगुप्त यांना किती द्यावे? याचे गणिती उत्तर नाही. परंतु हाच आक्षेप आपण पटकथेबाबत, संगीताबाबत किंवा संकलनाबाबत इतक्या तत्परतेने घेत नाही. दिग्दर्शकाच्या रेखाचित्रातील भिंत कागदावर असते. ती कोणत्या मापाची, कशाची, किती जुनी दिसणारी, कॅमेऱ्यासाठी कोठून बाजूला सारता येणारी, हे ठरवणे म्हणजे नुसती आज्ञापूर्ती नव्हे. 'महानगर' (१९६३) मधील मध्यमवर्गीय कुटुंबाच्या लहान खोल्या घ्याव्यात, किंवा 'नायक' (१९६६) मधील आगगाडी घ्यावी. कलकत्त्याहून दिल्लीस जाणाऱ्या त्या गाडीचे डबे, भोजनयान आणि मधली वाट, हे सारे स्टुडिओत उभारलेले होते आणि खिडकीबाहेर पळणारा मुलूख पडद्यावर पाडलेला होता. जवळजवळ संपूर्ण चित्रपट त्या डब्यात घडतो आणि आपण प्रवासातच असतो.

'पथेर पांचाली'पासून 'गुपी गाईन बाघा बाईन' (१९६९) आणि 'प्रतिद्वंद्वी' (१९७०) पर्यंतच्या या काळात चंद्रगुप्त यांनी मृणाल सेन यांच्या 'बाइशे श्रावण' (१९६०) सारख्या चित्रपटांसाठीही काम केले. त्यानंतर त्यांचे कार्यक्षेत्र मुंबई झाले. येथे दोन प्रवाह एकाच वेळी वाहताना दिसतात. एकीकडे 'सीमा' आणि 'दो झूठ' हे व्यावसायिक हिंदी चित्रपट, ज्यांसाठी त्यांना फिल्मफेअर पुरस्कार मिळाले. दुसरीकडे कुमार शहानी यांचा 'मायादर्पण' (१९७२) आणि अवतार कौल यांचा '२७ डाऊन' (१९७४). 'नायक'मध्ये ज्याने अख्खी गाडी स्टुडिओत बांधली, तोच '२७ डाऊन'मध्ये खऱ्या फलाटांवर आणि खऱ्या डब्यांत झालेल्या चित्रणाचा रचनाकार आहे. रचना म्हणजे केवळ बांधकाम नव्हे, असलेल्या जागेतून काय घ्यावे आणि काय वगळावे हा विवेकही रचनाच, हे या दोन गाड्या शेजारी ठेवल्या की स्पष्ट होते. 'शतरंज के खिलाडी' (१९७७) च्या निमित्ताने राय आणि चंद्रगुप्त पुन्हा एकत्र आले आणि १८५६ सालचे लखनौ उभे राहिले.

मराठी वाचकाला विशेष जवळचा वाटावा असा त्यांचा चित्रपट म्हणजे रवींद्र धर्मराज यांचा 'चक्र' (१९८१). जयवंत दळवी यांची 'चक्र' ही कादंबरी १९६३ साली आली, तेव्हा मुंबईच्या झोपडपट्टीतील जीवनाचे इतके उघडेवाघडे चित्रण मराठी वाचकाला नवे होते. दळवींची अम्मा, बेन्वा आणि लुका ही माणसे ज्या वस्तीत राहतात तिला घर म्हणावे की आडोसा, हा कादंबरीतलाच प्रश्न आहे. पत्रा, गोणपाट, फळकुटे, दोर अशा टाकाऊ वस्तूंनी माणूस आपल्याभोवती चार भिंती कशा करतो आणि त्या भिंतींना भिंतीपण कसे नसते, हे दाखवताना एक धोका सतत असतो. दारिद्र्य प्रेक्षणीय होते. चंद्रगुप्त यांच्या कामात तसे होत नाही, कारण त्यांना वस्तूचे जुनेपण दाखवायचे नसते, तिचा वापर दाखवायचा असतो. निश्चिंदिपूरच्या स्वयंपाकघरापासून या झोपडीपर्यंत हे सूत्र सुटलेले नाही : भांडे कोठे ठेवले आहे यावरून ते उचलणाऱ्या हाताची उंची कळली पाहिजे. 'चक्र'साठी त्यांना पुन्हा फिल्मफेअर पुरस्कार मिळाला. त्याच वर्षी आलेल्या अपर्णा सेन यांच्या '३६ चौरंगी लेन'मध्ये एका वृद्ध अँग्लो-इंडियन शिक्षिकेची सदनिका आहे. तेथे सामान पुष्कळ आणि माणूस एक, आणि त्या सामानानेच तिचा एकटेपणा मोजलेला आहे.

२७ जून १९८१ रोजी अमेरिकेत न्यूयॉर्क राज्यात चंद्रगुप्त यांचे निधन झाले. वय सत्तावन्नच्या आसपास होते. राष्ट्रीय चित्रपट पुरस्कारांत कला-दिग्दर्शनाला स्वतंत्र स्थान मिळाले तेच मुळी सत्तरच्या दशकाच्या अखेरीस, म्हणजे त्यांचे बहुतेक मोठे काम होऊन गेल्यावर. ज्या कामाला नाव नसते त्याची नोंद होत नाही आणि ज्याची नोंद नाही ते जणू झालेच नाही, असा इतिहासलेखनाचा क्रम असतो.

या कलेच्या इतिहासकाराची अडचण निराळीच आहे. कवीचे हस्तलिखित उरते, चित्रकाराचा कॅनव्हास उरतो. सेट मात्र चित्रीकरण संपले की मोडून टाकतात. जागा पुढच्या चित्रपटाला हवी असते, लाकूड पुन्हा वापरायचे असते. बनारसचा तो चौक, विश्वंभरचे ते दालन, चारूचा तो व्हरांडा आज कोठेही नाही. 'चक्र'च्या अखेरीस झोपड्या जमीनदोस्त होताना दिसतात आणि ते पाहताना हा विचार मनात आल्यावाचून राहत नाही. उरते ती केवळ फितीवरची प्रतिमा, आणि तीही दिग्दर्शकाच्या नावाने ओळखली जाते.

म्हणून आम्हांस आमच्यासारख्या अध्यापकांपुढे आणि विद्यार्थ्यांपुढे एक लहानसा प्रस्ताव ठेवायचा आहे. कादंबरी आणि तीवरील चित्रपट यांची तुलना करताना कथानकात काय गाळले आणि काय घातले याचे तक्ते आपण करतो. त्यात एक रकाना घराचा असावा. लेखकाने घराविषयी काय लिहिले, काय लिहिले नाही, आणि न लिहिलेल्या जागी पडद्यावर काय आले? असे वाचू लागल्यावर आमचे तरी मूळ पुस्तकांचे वाचन बदलले. 'नष्टनीड' पुन्हा हाती घेतले तेव्हा चारूच्या आणि भूपतीच्या खोलीत किती पावलांचे अंतर असेल, हा प्रश्न आम्ही पहिल्यांदाच रवींद्रनाथांना विचारला.